अडीच चिपटी

मित्रांनो, मी एक जुनं चिपटं आहे. शेराचा पाव हिस्सा मोजायचं पत्र्याचं माप. जुन्या जालन्यातल्या एका कारागिरानं मला ठोकून ठोकून घडवलं. शेजारी बसलेला अख्खा शेर माझ्याकडे बघून नाक मुरडायचा, पण गिऱ्हाईक मला आधी मिळालं. वडीगोद्रीच्या पुष्पानं मला घरी नेलं.

घरात माणसं चार. पुष्पा, तिचा नवरा मच्छिंद्र, सहावीतली तृप्ती आणि धाकटा पप्पू. रात्रीच्या खिचडीला अडीच चिपटी तांदूळ लागायचा. पाव, निम्मं, पाऊण, दीड हे सगळं तृप्ती चुलीपाशी बसून माझ्यावरच शिकली. पुष्पा कौतुकानं म्हणायची, "ह्या चिपट्याचं माप बिलकुल बराबर!" माझा पत्रा फुगून यायचा.

उन्हाळ्यात पुष्पा काविळीनं गेली. चूल तृप्तीकडे आली. ती मात्र रोज अडीच चिपटीच तांदूळ घ्यायची. एका ताटाची खिचडी उरायची. मच्छिंद्र ती सकाळी शिळी खायचा.

जूनमध्ये शाळेत नवीन आलेल्या राजानंद सरांनी अपूर्णांकांच्या गुणाकारासाठी घरून एखादं माप आणायला सांगितलं. तृप्तीनं मला नेलं. सरांनी फळ्यावर गणित घातलं. चार माणसांना अडीच चिपटी तांदूळ लागतो, तर तीन माणसांना किती?

तृप्ती म्हणजे वर्गातली सर्वांत हुशार पोरगी. तिनं उत्तर लिहिलं, अडीच.

"अगं, माणूस कमी झाल्यावर तांदूळ कमी न्हाई का होणार?"

"न्हाई, सर."

पोरं हसली. सरांनी लाल फुली मारली आणि तिला फळ्यापाशी उभं केलं. तिनं न अडखळता मांडलं. अडीच म्हणजे पाच छेद दोन, त्याची पाऊणपट, म्हणजे गुणिले तीन छेद चार. पंधरा छेद आठ. एक पूर्णांक सात छेद आठ.

"येतंय की तुला! मंग ध्यान कुठं ऱ्हातं?" असं म्हणून सर पुढच्या गणिताकडे वळले.

त्या संध्याकाळी तृप्तीनं मला एकदा भरलं, दुसऱ्यांदा भरलं, आणि त्यातला आठवा हिस्सा बोटांनी काढून डब्यात परत टाकला. तिघं जेवले. पातेलं रिकामं झालं.

"आज बराबर झाली, बेटा," मच्छिंद्र म्हणाला.

"बाबा, मायचा हिस्सा मीच काढला," म्हणून ती हमसून हमसून रडली. मला फार वाईट वाटलं. इतकी वर्षं बरोबर मोजलं, पण त्या दिवशी माझं माप चुकायला हवं होतं.

मित्रांनो, मला घासून-पुसून ठेवा असं मी म्हणणार नाही. कुणाचं उत्तर चुकलं तर हसू नका, एवढंच सांगणं आहे. फुली मारायच्या आधी जवळ बसून एकदा विचारा. सरांनी तसं विचारलं असतं, तर तृप्तीनं सांगितलं असतं, की आमच्या घरी अजून चौघांचाच स्वयंपाक होतो.