कडू मेंदीचं मूळ

सरुबाईनं ओट्यावरची बाज एकटीनं ओढत नेली, फाटकातून पलीकडे काढली, मेंदीच्या कुंपणाला टेकवली आणि तिच्यावर मांडी घालून बसली. समोर जेसीबी उभा होता. त्याचा दातेरी पंजा वर उचललेला होता, तो तसाच राहिला.

"आज पंचमी हाय," ती म्हणाली. "आज जमिनीला लोखंड लागत नाय. आम्ही घरात भाजीसुद्धा चिरत नाय."

जेसीबीचा ड्रायव्हर वाळू, त्यानं इंजिन बंद केलं. तो चांदवडकडचा. निघताना त्याच्याही आईनं हेच बजावलं होतं. खाली उतरून तो मशीनच्या सावलीत बसला आणि तंबाखू मळू लागला. मग बिल्डरच्या माणसाला, हर्षलला, एकट्यालाच बोलणं भाग पडलं.

मुलगा बोलायला गोड होता. पलीकडचा मळा कंपनीनं रीतसर घेतलाय, आता तिथं इमारती उठतील, त्याआधी भिंत हवी आणि भिंतीचा पाया बांधावरच येतो, असं त्यानं पहिलीच्या पोराला शिकवावं तसं शिकवलं. कुंपण काय, जेसीबीच्या एका घासाचं काम.

"आजी, हे झाड नाही, झुडूप आहे. मुळं असून असून असणार हातभर."

सरुबाईनं त्याला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं. "लग्न झालं का रे तुझं?"

"नाही अजून."

"मग बुटकी बायको मिळाली तर तिला हातभर समजू नको."

वाळूला ठसका लागला. हर्षलनं त्याच्याकडे बघितलं नाही.

"ती विहीर दिसते ना? आमचे हे गाळ काढायला उतरले होते. दोन पुरुष खोलीवर दगडाच्या फटीतून हिची मुळं लोंबत होती. म्हाताऱ्याच्या दाढीगत."

"ती दुसऱ्या कशाची तरी असतील."

"असतील. तू उतर आन विचार त्यांना."

आदल्या रात्री तिच्या मुलानं, गोरक्षनंही हाच विषय काढला होता. गोरक्ष एकलहऱ्याला वीज केंद्रात नोकरीला. भिंत फुकट बांधून मिळतेय आई, वर रंगसुद्धा तेच देतील, असं तो जेवता जेवता म्हणाला. तिनं त्याच्या ताटात भाकरी वाढली आणि म्हणाली, कुंपणानं शेत खाल्लेलं ऐकलं होतं, आता शेत कुंपण खायला निघालंय. आज बांध देशील, उद्या तो बिल्डर तुझा शेवंतीचा वाफा मागेल, परवा तुझा ओटा. गोरक्षनं ती भाकरी संपवली आणि सकाळी डबा घेऊन कामाला गेला. तो तिच्या बाजूनं नव्हता, पण तिच्यासमोर उभं राहण्याची त्याची छाती नव्हती.

हर्षलनं घड्याळ पाहिलं आणि ठेवणीतलं बाहेर काढलं. हे कुंपण मुळात तुमचं नाहीच, तो म्हणाला. ज्यांनी जमीन विकली त्यांचं ते. बायडाबाईंनी लावलेलं.

"त्या स्वतः सांगतील. गाडी पाठवलीय नाशिक रोडला."

बाजेच्या सुंभावरून फिरणारा सरुबाईचा हात थांबला.

बायडा तिची धाकटी जाऊ. मागच्या सिंहस्थात, बारा वर्षांपूर्वी, दोन भावांच्या वाटण्या झाल्या, विहीर मात्र सामायिक राहिली आणि पाण्याच्या पाळीवरून दोघी जावा एकमेकींच्या झिंज्या धरायच्या तेवढ्या राहिल्या. त्याच पावसाळ्यात सरुबाईनं बांधावर कडू मेंदी लावली. मुद्दाम कडू. हिला शेळी तोंड लावत नाही, हिचा हाताला रंग चढत नाही. बायडीच्या पोरींना एक पान उपयोगी पडू नये, एवढा विचार करून लावलेली. तेव्हापासून दोघी एक अक्षर बोललेल्या नव्हत्या. आता दुसरा सिंहस्थ आला होता, गोदेवर साधूंची गर्दी उसळली होती, बायडाच्या मुलानं मळा विकून नाशिक रोडला फ्लॅट घेतला होता आणि कुंपण डोक्याएवढं झालं होतं.

गाडी आली. बायडाबाई उतरली ती गुडघे धरत. केस पार पिकलेले. तिनं बाजेकडे पाहिलं, बाजेवरचीकडे नाही. आपल्या जुन्या जमिनीवर तिनं चार पावलं टाकली, तीसुद्धा दुसऱ्याच्या घरात टाकावीत तशी.

हर्षलनं पाणी विचारलं, खुर्ची विचारली. मग म्हणाला, "मावशी, एवढंच सांगा. कुंपण कुणाचं?"

बायडाबाई कुंपणाशी गेली. कोपरापर्यंत हात आत घालून तिनं दाट पाला दोन्हीकडे सारला आणि आतली एक फांदी वाकवून बाहेर ओढली. तिची पानं बारीक होती, टोकाला बारकाच तुरा होता. वास वाळूपर्यंत गेला.

"लावलं तिनं," ती म्हणाली. "कडू. तिच्या जिभेसारखं."

सरुबाईची मान ताठ झाली.

"मग मी दर पावसाळ्याला रंगाच्या मेंदीची एकेक काडी मधी खुपसली. म्हणलं, बघू कोण कुणाला खातं."

हर्षलचा चेहरा उजळला. "म्हणजे अर्धं तुमचंच की. मग प्रश्नच मिटला. ते अर्धं आता आमचं."

"हां. घे की." बायडाबाईनं फांदी सोडली. ती पाल्यात नाहीशी झाली. "माझी तेवढी उपट. तिच्या मुळाला धक्का न लावता."

दोन्ही मेंद्यांची खोडं कुठं वेगळी होतात, ते हर्षल वाकून शोधू लागला. वाळूनं हातावरची तंबाखू तोंडात टाकली.

तेवढ्यात सरुबाईची नात स्नेहल आजीचा चहा घेऊन फाटकातून आली आणि पाहुणीला बघून थबकली. कपबशी धरलेले तिचे तळहात रात्रीच्या मेंदीनं लालभडक होते. बायडाबाई त्या हातांकडे बघत राहिली.

"कुठून तोडलीस गं?"

"इथूनच." पोरीनं आजीकडे पाहिलं. "आजी दर पंचमीला सांगते, पलीकडच्या अंगाची तोड म्हणून."

सरुबाई जेसीबीच्या पंजाकडे बघत होती. त्या पंजात काहीतरी फार बघण्यासारखं असावं, अशी.

हर्षल म्हणाला की तो उद्या येईल. उद्या पंचमी नसेल.

"ये," सरुबाई म्हणाली. "बाज इथंच हाय."

तो मोबाइल कानाला लावून गाडीकडे गेला. गाडीशी उभं राहून त्यानं दोनदा हाक मारली, मावशी चला, सोडतो. बायडाबाईनं ऐकलं नसावं. ती गुडघे धरून उभीच होती. सरुबाईनं मांडी मोडली आणि सरकून बाजेची उशाकडची बाजू मोकळी केली. बायडाबाई बसली. सुंभ करकरला. चहाची कपबशी दोघींच्या मध्ये राहिली, कुणीच उचलली नाही.

"चहा नको मला," बायडाबाई म्हणाली. "पाणी पाहिजे. विहिरीचं."

स्नेहल कळशी आणायला वळली. बायडाबाईनं तिला हातानं थांबवलं आणि पहिल्यांदाच मान वळवून जावेकडे पाहिलं.

"पाळी कुणाची हाय?"

सरुबाईनं पदर खांद्यावर ओढून घेतला.

"तुझी," ती म्हणाली. "किती वर्षांची तुंबलीय."