अकरावी फेरतपासणी

विएनो कांगास यांच्या उजव्या हाताचा अंगठा आणि करंगळी पूर्ण ताणली, की दोन टोकांमधलं अंतर पंधरा सेंटीमीटर भरतं. मागच्या फेब्रुवारीतल्या नोंदीत पंधरा आहे, एप्रिलमध्ये पंधरा, जुलैमध्ये पंधरा आणि वर दोन मिलिमीटर, ऑक्टोबरमध्ये पुन्हा पंधरा. जुलैचे दोन मिलिमीटर उन्हामुळे असावेत असं मी धरलं. ऑर्गनच्या पट्ट्यांवर एका सप्तकाला साडेसोळा लागतात.

मी रुग्ण पाहत नाही. दवाखान्याच्या तळघरात बसते, डॉक्टरांनी लिहिलेलं वाचते आणि प्रत्येक भेटीला तिचा संकेत, म्हणजे कोड, देते. विएनोबाईंच्या अपघाताचा संकेत सोपा होता: मोटारचालक, प्राण्याशी धडक, सार्वजनिक रस्ता. नोव्हेंबरात हरणं सैरावैरा धावतात, तेव्हा आठवड्यातून दोनदा तरी मी तो लिहिते. जखमेचाही संकेत असतो आणि त्याच्या शेवटी एक अक्षर. मूळ उपचार चालू असतील तर एक अक्षर, हाड भरत असतानाच्या फेरतपासण्यांना दुसरं. भरायचं ते भरून झाल्यावर जो दोष मागे उरतो, त्याला तिसरं.

चौदा महिने झाले, दहा फेरतपासण्या झाल्या, आणि दहाही वेळा मी दुसरंच अक्षर लिहिलं होतं. कारण डॉक्टर मॅट हार्यू दर वेळी लिहायचे, "मनगटाचं हाड अपेक्षेप्रमाणे भरून येत आहे." तेच वाक्य, स्वल्पविरामासकट उचलून पुढच्या नोंदीत ठेवलेलं. नवं असायचं ते फक्त माप. ते मात्र डॉक्टर दर वेळी स्वतः घ्यायचे. क्ष-किरणाचा अहवाल मार्चमध्येच सांगून गेला होता की हाड पूर्ण भरलंय. पण अहवाल वाचून मी परस्पर अक्षर बदलू शकत नाही. डॉक्टरांनी तसं लिहावं लागतं.

संकेत विमा कंपनीकडे गेल्यावर आठवड्याभरात रुग्णाच्या घरी एक कागद जातो. त्यावर संकेताचा अर्थ साध्या शब्दांत छापलेला असतो. विएनोबाई तो कागद चर्चमध्ये आमच्या तालमीच्या खोलीतल्या फळ्यावर टाचणीने लावायच्या. "भरून येत आहे," असं वाचून चर्चच्या कारभारी मंडळातले लोक माना डोलवायचे आणि ऑर्गनवादकाची जागा त्यांच्या नावावर तशीच ठेवायचे. एकोणचाळीस वर्षांची जागा ती. बदली म्हणून वाजवणारी अन्निका सालो त्यांचीच विद्यार्थिनी. तसं तर अर्धं गाव त्यांचं विद्यार्थी.

मी त्याच चर्चच्या गायकवृंदात गाते. फळ्यावरचा तो कागद माझ्याच संकेताचा आहे, हे तिथे फक्त मला माहीत.

जानेवारीतल्या गुरुवारी तालीम संपल्यावर अन्निका बूट चढवत माझ्याजवळ बसली.

"सिग्ने, मला मार्केट शहरातल्या चर्चने विचारलंय. कायमची जागा. शुक्रवारी, म्हणजे पुढच्या, उत्तर द्यायचंय."

"तुला जायचंय?"

"कुठे जायचंय! माझी आई इथे, माझी मुलं इथे शिकायला येतात. पण चौदा महिने 'तात्पुरती' आहे मी. बाईंना विचारावं तर त्या म्हणतात, ईस्टरपर्यंत बघू. कुठला ईस्टर, ते सांगत नाहीत." मग हळूच म्हणाली, "तू दवाखान्यात असतेस. बरा होतोय ना गं त्यांचा हात?"

"मला बोलता येत नाही, अन्निका."

"माहितीये. तरी विचारलं."

दुसऱ्या दिवशी मी डॉक्टरांना प्रश्नपत्र पाठवलं. नोंदीत आणि तपासण्यांत मेळ नसला की आम्ही ते पाठवतो, पण त्यात उत्तर सुचवायचं नसतं. 'हाड भरलंच आहे ना?' असं विचारणं आमच्यात गैर. अहवाल मांडायचा, मापं मांडायची आणि खाली चौकटी द्यायच्या: भरत आहे, भरलं असून दोष उरला आहे, इतर, सांगता येत नाही. असं पत्र मी याआधी तीनदा पाठवलं होतं. तिन्ही वेळा खूण शेवटच्या चौकटीत.

चौथं पत्र घेऊन डॉक्टर स्वतः जिना उतरून आले.

"सिग्ने, तूच कर ना खूण."

"मला नाही करता येत."

"दुसऱ्या चौकटीत. मी काही म्हणणार नाही."

"तुम्ही काही म्हणायलाच तर हवंय."

ते माझ्या टेबलाच्या कोपऱ्यावर बसले. "सातव्या वर्षापासून शिकलो मी त्यांच्याकडे. माझी बोटं धरून पट्ट्यांवर ठेवायच्या. त्या बाईला मी काय सांगू?"

मी पत्र त्यांच्यापुढे सरकवलं. सुचवायचं नसतं.

"बुधवारी येतायत त्या," ते उठताना म्हणाले. "नोंद लिहिणारी रजेवर आहे. तू बसशील लिहायला?"

बुधवारी मी वर गेले. विएनोबाई कोट न काढताच आल्या, डाव्या हातात वेलदोड्याच्या, वेणी घातलेल्या पावाची पिशवी.

"अगं, तू इथे? तुला तळघरातून सोडलं कोणी?"

"एका दिवसापुरती सुटका आहे, बाई."

"बरं झालं. खालच्या पट्टीतले सगळे सूर उन्हाअभावीच सुकलेत तुझे." त्यांनी पिशवी डॉक्टरांपुढे सरकवली. "आणि हा तुझा पाव. मळला डाव्या हाताने, म्हणून वेणी वाकडी आलीय. नावं ठेवू नकोस."

डॉक्टरांनी त्यांचा हात आपल्या हातात घेतला. मोजपट्टी लावली, दोनदा मोजलं. आकडा सांगितला, तो मी लिहिला. मग ते भिंतीकडे बघत सांगू लागले, "मनगटाचं हाड अपेक्षेप्रमाणे..."

तेवढं मी लिहिलं आणि बोटं उचलून थांबले. पुढचे शब्द मला पाठ होते, पण ते त्यांनी म्हणायचे होते.



"मॅट," विएनोबाई म्हणाल्या, "लहानपणीही तू असाच होतास. शेवटची ओळ आली की उठून पळायचास, म्हणायचास, आई बोलावतेय. वाजव पुढे."

"बाई, हाड मागच्या मार्चमध्येच भरलं." डॉक्टर भिंतीकडून वळले. "आत स्नायूंचे बंध चिकटलेत. तुमचा हात आता एवढाच उघडणार. मी तुम्हाला वर्षभर उगाच बोलावलं."

मी अक्षर न् अक्षर लिहिलं.

"उगाच कशाला?" त्या म्हणाल्या. "तू महिन्यातून एकदा माझा हात धरून बसायचास. या वयात कोण धरतं?" हसल्या, पण डोळे भरले होते. "मलाही कळत होतं रे. घरी पियानोवर बसते ना मी. तुझं वाक्य होतं म्हणून मी त्याच्या आडोशाला बसले. तू लिहितोयस तोवर मी कशाला म्हणू?"

डॉक्टरांनी त्यांचा हात सोडला नव्हता.

"ती पोर मार्केटला चाललीय, शुक्रवारी उत्तर द्यायचंय म्हणे, खरं ना?" त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी खाली बघितलं. "नको बोलूस. तुझ्या तोंडाला कुलूप, माहितीये मला. माझ्या तोंडाला नाही. मॅट, उजवा हात दे परत, फोन काढायचाय."

त्यांनी कोटाच्या खिशातून फोन काढला आणि डाव्या अंगठ्याने नंबर शोधला. पलीकडे घंटी वाजत राहिली. मग अन्निकाचा आवाज आला, धावत येऊन उचलल्यासारखा.

"अन्निका, विएनो बोलतेय. शुक्रवारी त्या लोकांना नाही म्हणून कळव. मंडळाला मी आज संध्याकाळी सांगते, पण आधी तुला सांगायचं होतं." त्यांनी श्वास घेतला. "ऑर्गन मी सोडला. आता तो तुझा."