सुगुणेट्टनचा चहा

ताडपत्रीचं सुटलेलं टोक फट्‌कन वाजलं आणि झोपलेली निवेद्या दचकली. प्रसीताने शिवणयंत्राचं चाक हाताने थांबवलं, लेकीच्या पाठीवर थोपटत राहिली. भिंती उभ्या राहून दोन वर्षं झाली, वर स्लॅब काही पडला नव्हता. स्लॅबचे पैसे बँकेत होते आणि बँक ते देत नव्हती.

पैसे पयट्टाचे. गावात कुणाला नड पडली की तो चहा ठेवतो, तेच पयट्ट. येणारे चहा पितात, मूठभर पोहे खातात, ऐपतीप्रमाणे पैसे ठेवून जातात. पुढे त्यांनी चहा ठेवला की ते फेडायचे, थोडे वाढवूनच. प्रसीताच्या चहाला तीन लाख जमले. ते तिने गावच्या सहकारी बँकेत ठेवले. तेवढ्यात दीर दिनेशन टेंपोचं कर्ज बुडवून बहरीनला पसार झाला. त्या कर्जाला जामीन होती प्रसीता. बँकेने तिच्या ठेवीवरच हात ठेवला.

"आधी त्याची जमीन घ्या की! हे पैसे गावाचं देणं आहेत, माझे नाहीत," ती सांगून थकली. शेवटी निबंधकांच्या कचेरीत दावा केला. एका तारखेला साहेब रजेवर, दुसरीला बँकेचा वकील आजारी. तिसरीला तो उठला आणि हसत म्हणाला, "पयट्ट म्हणजे काय साहेब, चहापाणी! लोकांनी खुशीने दिलेली भेट. तेव्हा पैसे हिचेच, आणि बँकेचा त्यांवर हक्क." शेजारी बँकेचे सेक्रेटरी सुगुणेट्टन मान डोलवत होते. पुढली तारीख पडली ओणमच्या सणानंतरची.

आणि आज यंत्राशेजारी सुगुणेट्टनच्याच मुलीच्या लग्नाच्या चहाचं आमंत्रण येऊन पडलं होतं.

"मी जायची नाही," प्रसीता म्हणाली.

"जायचं," सासू मातूअम्मा सुपारी कातरत म्हणाली. "आपल्या चहाला सगळ्यांत आधी कोण आलं होतं? पाच हजार ठेवले त्याने."

"भेट होती ना ती? त्यांचाच वकील म्हणतो."

"वकिलाला या गावात राहायचं नाहीये. आपल्याला राहायचंय."

शाळेचे गणवेश शिवून साठवलेले पैसे प्रसीताने डब्यातून काढले. निवेद्याचे बूट त्यातच यायचे होते. संध्याकाळी लेकीचा हात धरून ती निघाली.

सुगुणेट्टनच्या अंगणात मांडव, कर्ण्यावर गाणी, आणि जिकडेतिकडे पुरुषच. टेबलाशी म्हातारे कणारेट्टन नावं लिहीत होते.

"अगं, तू आलीस? नवरा कुठाय, रतीश?"

"त्याला बंगळुरूच्या बेकरीतून सुट्टी कुठली! हे साडेपाच हजार. पण लिहिण्याआधी सुगुणेट्टनना विचारा, देणं म्हणून लिहायचं की भेट म्हणून?"

पेन थांबलं. पलीकडे एकाने केळं अर्धवट सोलून तसंच धरलं. मागून कुणीतरी खिदळलं, "विचारा, विचारा! सेक्रेटरींना कायदा तोंडपाठ!"

सुगुणेट्टन घाम पुसत आले. "काय गं पोरी, लग्नघरात भांडायला आलीस?"

"भांडत कुठे? भेट असेल तर परत नेते. लेकीला बूट घ्यायचेत."

त्यांनी मांडवावर एक नजर फिरवली. इतकी वर्षं ज्यांच्या ज्यांच्या चहाला त्यांनी पैसे ठेवले, ते सगळे आज फेडायला समोर बसले होते आणि सगळेच ऐकत होते.

"देणं. लिही रे कणारा."

"ऐकू नाही आलं," मागचा ओरडला.

"देणं, देणं! पयट्ट कधी भेट असतं का?"

"मग हेच निबंधकांपुढे सांगाल?" प्रसीताने विचारलं.

सुगुणेट्टन जवळ आले. आवाज अगदी मऊ. "तिथे मी बँकेचा नोकर गं. बँकेला यातलं काय कळतं? जा, चहा घे. लेकीला केळं दे."

मांडवात हशा पिकला. कणारेट्टननी साडेपाच हजार लिहिले आणि पुढच्याला हाक मारली. चहा साखर ओतून केलेला. डोळ्यांत पाणी नको म्हणून ती नुसती पेल्यात बघत बसली.

घरी येताना निवेद्या केळं खात, उड्या मारत पुढे चालली होती. घर दिसलं तशी थांबली. वाऱ्याने ताडपत्री फुगली होती.

"अम्मा, ते देणं म्हणाले ना? सगळ्यांसमोर?"

"म्हणाले."

"मग आता ताडपत्री काढायची ना?"