कोपराला दोन बोटं

फेब्रुवारीतली सकाळ. बाहेर छत्र्यांवरून ओला बर्फ घसरत होता, आणि अवाझु सुमिएबाईंनी स्टुडिओच्या खोलीत येऊन कोट काढला तर आत अर्ध्या बाह्यांचा सुती सदरा. एकोणसत्तर वर्षांच्या त्या हातांवर थंडीनं काटा आला होता.

नागामिने चिगुसा दारातच थबकली. तिनं विचारलं, "बाई, गारठाल ना. अंगावर घ्यायला काही आणू?"

"नको गं. मुद्दाम घातलाय. मागच्या वेळी जाड स्वेटरनं घात केला, तुझी बोटं मला लागलीच नाहीत." बाई हसल्या. पांढरी काठी त्यांनी गुडघ्यांमध्ये धरली होती. "या खेपेला तुझ्या-माझ्यात चिंधीसुद्धा नको."

चिगुसानं हातातला चहा खाली ठेवला.

मागची वेळ म्हणजे सतरा वर्षांपूर्वीची. तेव्हा बाईंची नजर विझत चालली होती, आणि हे टोकियोत एका चिगुसाखेरीज कुणालाच ठाऊक नव्हतं. कळलं असतं तर कामं गेली असती. दोघी एका कार्टून मालिकेतल्या पात्रांना आवाज द्यायच्या; रेकॉर्डिंगच्या आदल्या दिवशी चिगुसा त्यांच्या घरी जायची. घशासाठी मधात मुरवलेल्या मुळ्याचं पाणी दोघींनी घोट घोट प्यायचं, चिगुसानं पानामागून पान वाचायचं आणि बाईंनी ते ओवीसारखं पाठ करायचं. एवढं केलं तरी एक गोष्ट उरायचीच. पडद्यावरच्या चित्राचे ओठ कधी उघडतात, ते बाईंना दिसत नसे. तीन माइक आणि पंधरा माणसं. ज्याचं वाक्य तो पुढे सरकतो, झालं की पाऊल न वाजवता मागे होतो. त्या गर्दीत चिगुसा बाईंना खेटून उभी राहायची आणि वेळ आली की त्यांच्या कोपराला दोन बोटं लावायची. बोटं लागली की बाईंच्या गळ्यातून सोळा वर्षांची नावाड्याची पोर बोलायला लागायची, अन् ऐकणाऱ्याला नदी दिसायची.

चिगुसा तेव्हा सव्वीस वर्षांची होती. सहा वर्षं ती 'गावातली बाई दोन', 'वाटसरू तीन' होती. बाजाराच्या गलक्यात मिसळून जाणारा आवाज. नाव शेवटी, बारीक अक्षरांत. मग एक दिवस बोलणं निघालं की नावाड्याच्या पोरीला आता गाणी द्यायची, मोठ्या रंगमंचावर न्यायचं. दिग्दर्शक जाता जाता चिगुसाला म्हणाले, तुझा आवाज अवाझुबाईंच्या फार जवळचा आहे हं. तेवढंच म्हणाले. तिला कुणी काही करायला सांगितलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी पडद्यावरचे ओठ उघडले आणि चिगुसाचा हात उठला नाही. वाक्य हुकलं. बाईंनी सगळ्यांची वाकून माफी मागितली. पुन्हा चित्र सुरू झालं, पुन्हा हात मांडीला चिकटून राहिला. तिसऱ्यांदाही. खोलीत सगळ्यांनी नजर कागदात घातली. काचेपलीकडून आवाज आला, अवाझुबाई, आज जरा विश्रांती घ्या.

ती विश्रांती सतरा वर्षं चालली. आणि चिगुसा गायली.

नदीच्या पल्याड गं दिवा कुणी लावियेला
नावेच्या काठाशी माझा जीव का थांबला

पहिल्याच वर्षी दहा हजार माणसं हे ऐकायला आली. अंधारात त्यांच्या हातांतल्या फिक्या निळ्या उजेडाच्या कांड्या डुलायच्या, जणू पाण्यावर चांदणं. लोक डोळे पुसायचे. चिगुसाही पुसायची; ती हळवी आहे, असं मासिकं छापायची. बाईंकडून दर नववर्षाला पत्र यायचं, शेजारणीकडून लिहवून घेतलेलं: 'तुझं गाणं ऐकलं. त्या पोरीला चांगलं घर मिळालं.' त्या पत्रांना चिगुसानं दरवेळी सुबक उत्तर लिहिलं. भूमिका हाती आली की आधीच्या बाईंच्या घरी मिठाईचा डबा घेऊन जायचं, ही या धंद्यातली जुनी रीत. ती मात्र तिनं एकदाही पाळली नाही. डबा घेऊन ती एकदा त्यांच्या गल्लीच्या तोंडापर्यंत गेली होती, आणि तिथूनच परत फिरली होती.

आता मालिकेला वीस वर्षं होत होती म्हणून चित्रपट निघाला. त्यात नावाड्याच्या पोरीच्या स्वप्नात तिची मेलेली आई येते. पाचच वाक्यं. ती बाईंना द्यायची ठरली. एव्हाना त्यांच्या डोळ्यांचं सगळ्यांना माहीत होतं. ध्वनीवाल्यांनी सुचवलं, तुमची वेळ आली की कानात शिट्टी देऊ, किंवा तुमचं वेगळं घेऊन मागून चिकटवू. बाई म्हणाल्या होत्या, कानात पिपाणी नको, अन् मी काही ठिगळ नाही. मी माणसांत उभी राहून बोलेन, चिगुसा शेजारी असली तर.

म्हणून बाई आज आल्या होत्या, उघड्या हातांनी.

सुरू व्हायला दहा मिनिटं होती. बाकीचे कोपऱ्यात भाताचे गोळे खात होते; माइकसमोर पोट गुरगुरलं तर सगळं पुन्हा करावं लागतं. म्हातारे नट कुसाकाबे नेहमीप्रमाणे दुसराही गोळा उचलत होते आणि कुणीतरी त्यांना चिडवत होतं की तुमच्या पोटालाच एक भूमिका द्या. चिगुसा बाईंपुढे गुडघे टेकून बसली. गप्प राहिली असती तर दिवस गोड गेला असता, हे तिला कळत होतं. पण समोर ते काटा आलेले हात होते, तिच्या खोटेपणापायी कुडकुडणारे.

"बाई," ती हळू म्हणाली, "स्वेटरचा दोष नव्हता. मी बोटं लावलीच नव्हती."

बाईंचा चेहरा तसाच राहिला. हसू मात्र विसरलेल्या दिव्यासारखं चेहऱ्यावर उगाच जळत होतं. मग तेही गेलं.

"तिन्ही वेळा?"

"हो बाई. तिन्ही वेळा."

"मला वाटायचं, एकदा तरी जाणवायला हवी होती…" बाई थांबल्या. मग म्हणाल्या, "तो स्वेटर माझ्या आईनं विणलेला होता. त्याच संध्याकाळी देऊन टाकला मी. डोळ्यासमोर नको म्हणून."

चिगुसाचं कपाळ जमिनीला टेकलं. तिला रडू आलं नाही. रडू आलं असतं तर त्याची तिला आणखी लाज वाटली असती. जमिनीकडे बघतच ती म्हणाली की मी कुसाकाबेसाहेबांना सांगते, ते तुमच्या शेजारी उभे राहतील, त्यांचा हात भरवशाचा आहे.

"ऊठ," बाई म्हणाल्या. "लोक बघतील. तूच राहा उभी. दुसऱ्या कुणाचा हात मला समजायचा नाही आता." काठी टेकत त्या उभ्या राहिल्या. "पण पूर्वी मी वाट बघत नव्हते, चिगुसा. हात यायचाच. आज मला दरवेळी बघावी लागणार, येतो की नाही. एवढं ध्यानात ठेव."

दार बंद झालं, लाल दिवा लागला. चिगुसा बाईंना खेटून उभी राहिली. पडद्यावर धुकं, धुक्यात नाव, नावेत आई. ओठ उघडायला तीन श्वास होते. दोन. तिच्या अंगाला लागलेला बाईंचा दंड लाकडासारखा कडक झाला, जसं मूल सुईआधी होतं. चिगुसानं बोटं लावली.

बाई बोलल्या. आवाज इतका मऊ होता की कुसाकाबेंनी कागद खाली केला.

पाच वाक्यं, पाच वेळा बोटं. पाचही वेळा तो दंड आधी आक्रसला. चौथ्या वाक्याच्या वेळी तर इंचभर दूरच सरला, मग परत आला.

काचेपलीकडून दिग्दर्शकांचा आवाज आला की अप्रतिम, पुन्हा घ्यायची गरजच नाही. सगळे वाकले. बाई प्रत्येकाला वाकून, काम संपल्यावर म्हणायची रीत असते तसं, 'श्रम झाले, आभारी आहे' म्हणाल्या. चिगुसालाही म्हणाल्या, तितकंच वाकून, जितकं परक्या माणसाला वाकतात.

बाहेरच्या खोलीत चिगुसानं खुंटीवरचा कोट काढला आणि बाही पसरून धरली. "बाई, इकडे, हात घाला."

बाईंनी कोट तिच्या हातून हळूच काढून घेतला. मग भिंतीकडे तोंड करून, चाचपत, पहिल्यांदा चुकत, बाही त्यांची त्यांनीच शोधली.