कागदात न मावलेली वेल

शोधनिबंध तिसऱ्यांदा परत आला, तेव्हा बाईंनी लॅपटॉप इतक्या जोरात मिटला की शेजारचा डिंकाचा डबा कलंडला. "याला डोळे आहेत की बटणं?" त्या ओरडल्या. ऐकायला संस्थेच्या संग्रह-खोलीत होती फक्त कपाटं, आणि कपाटांत वाळवून कागदांवर चिकटवलेल्या चाळीस हजार वनस्पती.

'याला' म्हणजे मासिकाच्या परीक्षकाला. हा प्राणी स्वतःचं नाव सांगत नाही, पण दुसऱ्याच्या सात वर्षांवर पाणी ओततो. पत्रात तेच रडगाणं होतं. तुमची घटपर्णी नवी नसावी. संस्थेच्या जुन्या साहेबांच्या नावाची जी जात आधीच नोंदलेली आहे, तिचेच हे वरचे घट असावेत. नसतील तर सिद्ध करा.

सिद्ध करा म्हणे! घटपर्णी ही वेल मोठी चावट. पानांच्या टोकांना घट लोंबतात, त्यात किडे पडून विरघळतात, इथवर ठीक. पण एकाच वेलीला दोन तऱ्हेचे घट. जमिनीलगतचे बुटके, पोट सुटलेले, पुढे झालरीचे दोन पंख. वरचे लांब, निमुळते, बिनपंखांचे. शेजारी ठेवले तर सख्खे भाऊ आहेत हे सांगूनही खरं वाटायचं नाही. साहेबांच्या जातीचे सबंध जगात फक्त बुटके घट होते, एका कागदावर. बाईंच्या जातीचे फक्त लांब, तेही एकाच कागदावर. दोन्ही पन्नास वर्षांपूर्वी एकाच डोंगरावरून आलेले. पुन्हा जाऊन बघावं, तर तो डोंगर दगडाच्या खाणीनं खाल्ला. बाई दोनदा तिथली धूळ खाऊन आल्या होत्या.

बरं, नाद सोडून द्यावा तर नाव आडवं येत होतं. नव्या जातीला नाव द्यावं लागतं आणि बाईंनी ते केव्हाच ठरवलं होतं, आपल्या वडिलांचं. वडील याच संस्थेत नमुने तोडणारे होते, चौतीस वर्षं. झाडावर चढायचे ते, जळवा अंगावर घ्यायचे ते, आणि लेबलावर संग्राहक म्हणून नाव साहेबांचं. साहेब तेव्हा तंबूत चहा पीत असत. चाळीस हजार कागदांत वडिलांचं नाव एकावरही नव्हतं. आता ते ब्याऐंशीचे झाले होते आणि त्यांचं हृदय मनात आलं तरच काम करत होतं. अंक छापून आला की तो त्यांच्या हातात ठेवायचा, तोवर घरात अवाक्षर काढायचं नाही, असं बाईंनी स्वतःला बजावलं होतं.

त्या संध्याकाळी मात्र बांध फुटला. वडील घरी टेबलावर पत्ते मांडून एकटेच खेळत होते. बाईंनी पर्स खुर्चीवर आदळली.

"काय झालं गं? कुणाशी भांडलीस?"

"तोंड दाखवेल तर भांडेन ना!" आणि मग बाईंनी सगळं ओकून टाकलं. सात वर्षं, तीन पत्रं, आणि वेलीला कुणाचं नाव द्यायचं ठरलं होतं तेही. शेवटी फोनवरचा फोटो त्यांच्या नाकासमोर धरला.

नावाचं ऐकून वडिलांनी हातातला पत्ता खाली ठेवला. मग चष्मा पुसून त्यांनी फोटो पाहिला आणि त्यांचा चेहरा एकदम उजळला.

"अगं, ही तर माझी वेल! हिनं अख्खा घट माझ्या मानेवर ओतला होता. कुजक्या मुंग्यांचं पाणी. दोन दिवस कुणी जवळ बसू देईना." ते हसले. "पण खालचा अर्धा भाग कुठाय?"

"कसला खालचा?"

"कागदात मावत नव्हती, म्हणून मधोमध कापली. दोन गठ्ठे बांधले. साहेबांनी तंबूत बसून दोघांना दोन नंबर टाकले. मी म्हटलं, एकच आहे. ते म्हणाले, तू चढायचं काम कर."

बाईंनी फोन पत्त्यांवरच ठेवला. "बाबा, हे आधी का नाही सांगितलंत?"

"तू विचारलंस कधी?"

सात वर्षं त्या भिंग घेऊन घटाच्या ओठावरच्या रेघा मोजत होत्या, आणि साक्षीदार रोज समोर बसून जेवत होता.

तरी एक वेडी आशा उरलीच. म्हातारा माणूस, आठवण चुकली असेल. सकाळी बाईंनी टॅक्सी केली, वडिलांना संस्थेत आणलं आणि दोन कपाटांतले दोन कागद एका टेबलावर ठेवले. वडील डावखुरे. त्यांच्या कोयत्याचा काप डावीकडून तिरका उतरलेला होता, आणि वेलीचं खोड आतून किडीनं पोखरलेलं. दोन्ही टोकांना तोच तिरका काप आणि तीच पोकळी होती. तुकडे इतके नेमके जुळले की बाईंना परीक्षकाचा गळा धरावासा वाटला, कारण तो शहाणा बरोबर होता.

"म्हणजे वरचा भागही आता साहेबांच्याच नावावर?" वडिलांनी विचारलं.

"हो." बाई तडकल्या. "नियमच तसा आहे. आधीचं नाव खरं. तोडलीत तुम्ही, घाण अंगावर घेतलीत तुम्ही, आणि माझ्याच हातानं उरलेली अर्धीपण त्यांना द्यायची!"

"बरं झालं, छापलं नाहीस. चुकीला माझं नाव नको."

बाईंना रडू यायला लागलं, आणि रडू येतंय याचाच आणखी राग आला. त्यांनी ड्रॉवर खसकन ओढून दुरुस्तीची चिठ्ठी काढली. जुनं लेबल कधी काढायचं नसतं. चूक सापडली की खाली चिठ्ठी चिकटवायची, हा इथला रिवाज. त्यांनी दात आवळून लिहिलं: 'हा आणि सोबतचा नमुना, एकाच वेलीचे दोन भाग. वेल तोडणाऱ्याची साक्ष.' आणि त्याखाली वडिलांचं नाव, आडनावासकट, ठळक अक्षरांत.

वडिलांनी चिठ्ठी उचलून डोळ्यांजवळ धरली. ओठ हलवत दोनदा वाचली.

"ही कुणी काढणार नाही ना?"

"नाही बाबा. काढायची नाही असाच नियम आहे."

त्यांनी डाव्या हातानं डिंकाचा ब्रश घेतला. चिठ्ठी सरळ बसवली. मग ते दुसऱ्या कागदाकडे सरकले.

"आता याचीही लिही," ते म्हणाले. "वेल सबंध माझी होती."