वजीर ई सात

"बाई, तुम्हाला बुद्धिबळ येतं का?" पंचांनी विचारलं.

पुतळीनं पदर सारखा केला. समोर पट मांडून झाला होता, घड्याळ लावून झालं होतं. शेजारच्या खुर्चीत तिचा नवरा हिरामण ताठ बसला होता, काळा चष्मा लावून, दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून.

"मोहऱ्यांची नावं येतात," ती म्हणाली. "आनि पटावरची घरं."

"चाल ते सांगतील. तुम्ही मोहरा उचलून तिथं ठेवायचा आणि घड्याळ दाबायचं. बोलायचं नाही, खूण करायची नाही."

"ठावं हाय तिला," हिरामण म्हणाला. "ती नुस्ता माझा हात हाय."

रोह्याच्या शाळेच्या हॉलमध्ये जिल्हा स्पर्धेची ही शेवटची फेरी होती. हिरामणनं हा डाव जिंकला, तर तो राज्याच्या स्पर्धेला जाणार होता. वयाची साठी उलटून गेल्यावर, डोळे गेल्यावर.

तरुणपणी तो याच राज्य स्पर्धेत दुसरा आला होता. पेणच्या खाडीकाठचा, मिठागरात फावडं ओढणाऱ्या घरातला पोरगा. मिठागराच्या कचेरीतल्या कारकुनानं दुपारचा वेळ जावा म्हणून त्याला खेळ शिकवला आणि वर्षभरात त्या कारकुनाला त्याच्याशी एकही डाव जिंकता येईना. पुढं तो देशपातळीवर खेळला. एका रशियन ग्रँडमास्टरला त्यानं बरोबरीत रोखलं, त्याचा फोटो पेपरात आला. त्या फोटोच्या जिवावर रोह्याच्या एका कारखान्यात टाइमकीपरची नोकरी लागली. नोकरीनं पोट भरलं आणि खेळ मागं पडला. स्पर्धेला रजा मागितली की साहेब म्हणायचा, "आता पुरे की, हिरामण." ग्रँडमास्टर होईल असं ज्याच्याविषयी बोललं जायचं, तो शिफ्टचे भोंगे मोजत राहिला. मग काचबिंदूनं आधी एक डोळा नेला, मग दुसरा.

पण पट गेला नव्हता. तो त्याच्या डोक्यात होता. पेणला रामवाडीच्या खोलीत खाटेवर पडून तो मोठ्यानं चाली सांगायचा, पुतळी चुलीपुढून उठून मोहरे सरकवायची. अशी वर्षं गेली. भात निवडता निवडता, मासळी साफ करता करता तिला खेळ कधी कळू लागला, तिचं तिलाही सांगता आलं नसतं. तिनं ते कधी बोलून दाखवलं नाही.

एकदा मात्र ते उघडं पडलं होतं. पेणच्या गणेशोत्सवातल्या स्पर्धेत हिरामणनं घोड्याची चाल सांगितली. ती चूक होती. पुतळीचा हात घोड्यावर जाता जाता अडला, क्षणभरच. हिरामणनं कान टवकारले आणि म्हणाला, "थांब. घोडा नको. प्यादं." तो डाव तो जिंकला. घरी आल्यावर जेवला नाही. भिंतीकडं तोंड करून म्हणाला, "आजचा डाव तू जिंकलीस. मी नाय."

"मी काय केलं?"

"तुझा हात थांबला. माझ्या हातानं थांबायचं नाय, पुतळे. माझी चूक माझी असूं दे. दुसरं काय ऱ्हायलंय माझं?"

तेव्हापासून तो जे सांगेल ते ती त्याच क्षणी ठेवायची.

समोर जगन बसला होता, डोलवीच्या कारखान्यात लागलेला तरुण इंजिनिअर. खेळायच्या आधी तो हिरामणच्या पाया पडला होता. "काका, माझे बाबा तुमचे डाव सांगायचे," म्हणाला होता. आपली प्रत्येक चाल तो स्पष्ट, सावकाश आवाजात सांगत होता.

डाव रंगला. हिरामण पांढऱ्या मोहऱ्यांनी खेळत होता आणि जुन्यासारखा खेळत होता. त्यानं एक प्यादं सोडून दिलं, मधली वाट मोकळी केली, जगनचा राजा कोपऱ्यात कोंडला. आजूबाजूचे आपले डाव संपवून त्यांच्या टेबलाभोवती उभे राहिले. पुतळीला पट दिसत होता. आता हत्ती डी सातवर गेला की संपलं. राज्याच्या स्पर्धेला जायचं म्हणजे त्यांना नवा सदरा शिवायला हवा, असंही तिच्या मनात येऊन गेलं.

एकच गोष्ट सकाळपासून तिला टोचत होती. पेणच्या स्टँडवर एसटीची वाट बघताना हिरामणनं विचारलं होतं, "जनू आला का गो?" जनू त्याचा धाकटा भाऊ. त्याला वारून कितीतरी पावसाळे झाले होते. "नाय आला," एवढंच ती म्हणाली होती, आणि ते अजून अर्धवट झोपेत असतील असं स्वतःला सांगून गप्प राहिली होती.

"उंट बी चार," जगन म्हणाला.

हिरामणनं मान हलवली. चाल सांगितली. आणखी एक झाली. मग त्यानं बराच वेळ घेतला. ओठ हलत होते. शेवटी तो खात्रीच्या आवाजात म्हणाला,

"वजीर ई सात."

पुतळीनं पटाकडं पाहिलं. बी चारवरचा काळा उंट तिरक्या रेषेत थेट ई सातकडं बघत होता. मध्ये काहीच नव्हतं. वजीर फुकट जाणार होता.

तिला फक्त थांबायचं होतं. पदर सावरायचा होता, खोकायचं होतं. त्याला कळलं असतं.

तिनं वजीर उचलला, ई सातवर ठेवला आणि घड्याळ दाबलं.

मागं कुणीतरी चुकचुकलं. पंचांनी त्याला डोळ्यांनी दटावलं. जगननं पटावर पाहिलं, मग पुतळीकडं पाहिलं. ती पटावरून नजर काढत नव्हती.

"काका," तो हळू म्हणाला, "वजीर ई सात म्हणालात ना?"

"व्हय. का रं?"

जगननं घड्याळ चालू दिलं. मग मान खाली घालून तो बोलला, "उंटानं वजीर घेतो."

"कुठल्या उंटानं?"

"बी चारवरच्या, काका. मघाशी आला होता तो."

हिरामणचा चेहरा तसाच राहिला. फक्त त्याचे हात गुडघ्यांवरून उठले आणि परत तिथंच बसले. तो आत शोधत होता हे पुतळीला कळलं. आणि त्याला तिथं काही सापडत नाही, हेही कळलं. मग त्यानं टेबलावरून उजवा हात पुढं केला. जगननं तो दोन्ही हातांनी धरला.

"चांगला खेळलास, पोरा," हिरामण म्हणाला.

परतीच्या एसटीत गर्दी नव्हती. घाटाची वळणं सरल्यावर त्यानं विचारलं,

"तुला दिसला व्हता उंट?"

पुतळीनं खोटं बोलायला तोंड उघडलं आणि मिटलं.

"व्हय," ती म्हणाली.

"तरी ठेवलास वजीर."

"तुमची चाल व्हती."

त्यानं बराच वेळ मान हलवली, स्वतःशीच. "बरं केलंस," म्हणाला. मग खिडकीकडं तोंड केलं. ती त्याच्या अंगाला अंग लावून बसली.

नागोठण्याच्या पुलावर गाडी आली तेव्हा तो पुटपुटू लागला. हरलेला डाव घरी पोचेपर्यंत पहिल्यापासून म्हणायचा, ही त्याची सवय होती. एकही चाल कधी चुकली नव्हती. प्यादं ई चार. घोडा एफ तीन. उंट, किल्लेकोट, हत्ती. आवाज हळूहळू मंद होत गेला आणि एका जागी थांबला. त्यानं पुन्हा सुरुवातीपासून घेतलं. पुन्हा तिथंच थांबला.

कंडक्टर पुढच्या माणसाशी काहीतरी बोलून हसला. उजव्या हाताला भातशेतं संपून विटांच्या भट्ट्या लागल्या होत्या.

"पुतळे," तो म्हणाला. इतक्या वर्षांत त्यानं तिला पटावरचं काहीही विचारलं नव्हतं. "हत्तीनंतर मी काय खेळलो गो?"

"घोडा डी पाच," ती म्हणाली.

"मंग?"

"मंग त्यानं घोडा मारला. तुमी प्याद्यानं मारलंत."

"मंग?"

ती सांगत गेली. वडखळ आलं, माणसं चढली, उतरली. पुतळी हलक्या आवाजात एकेक चाल सांगत होती आणि हिरामण तिच्याकडं कान देऊन ऐकत होता, कधी न पाहिलेल्या कुणा परक्या माणसाचा डाव ऐकावा तसा, मधूनच कौतुकानं मान डोलावत.