पिंपरटोल्याचा घाट दाखवताना

आमच्या लाँचची एक फेरी पंचेचाळीस मिनिटांची. तेवढ्या वेळात मी लोकांना तीन टेकड्या, एक बुडालेलं गाव आणि मोजून सात खोट्या गोष्टी दाखवतो. गोसीखुर्द धरणाचं पाणी अडलं तशी वैनगंगा फुगली, टेकड्यांच्या कमरेपर्यंत चढली, खोऱ्याखोऱ्यांत शिरली. जिथं आम्ही धान लावत होतो तिथं आता दोन्हीकडून डोंगर आणि मधून हिरवं, अरुंद, वळणाचं पाणी. जवाहरनगरचे एक रिटायर साहेब एकदा मला म्हणाले, “टिकारामजी, हे तर अगदी नॉर्वेसारखं दिसतं. तिथंही समुद्र असाच डोंगरात घुसलेला आहे.”

“तिथं कोणाचं गाव बुडालं, साहेब?”

“कोणाचंच नाही. ते निसर्गानंच केलेलं आहे.”

“मंग तिथला गाइड काय सांगत असंन बिचारा?” मी म्हणालो.

मला सांगायला कधी कमी पडलं नाही. पहिली टेकडी म्हणजे झोपलेला राक्षस. जाताना तो उजव्या कुशीवर असतो, आणि येताना त्यानं कूस बदललेली असते. लाँच उलटी फिरली म्हणून टेकडी दुसऱ्या बाजूला आली, हे दहातल्या आठ जणांच्या ध्यानात येत नाही. दुसऱ्या टेकडीखाली एक वाम मासा राहतो. इतका लांब, की शेपूट इथं आणि डोकं कारध्याच्या पुलाखाली. इथं शेपटीला गुदगुल्या केल्या तर तो तिकडं तासाभरानं हसतो. लोक पाण्यात हात घालून गुदगुल्या करतात. मी अडवत नाही.

आणि तिसऱ्या टेकडीच्या पायथ्याशी पिंपरटोल्याचा घाट. आमचं गाव. पाणी उतरलं की घाटाच्या वरच्या दोन पायऱ्या बाहेर येतात. तिथं लाँच चालवणारा इश्वर इंजिन बंद करायचा आणि मी भोंग्यातून आवाज खाली आणून सांगायचो:

“इथं रुखमिणी मारबते नावाची पोरगी राहत होती. सोळा वर्षांची. अंगाला हळद लागली आणि त्याच संध्याकाळी तिनं या पायरीवरून उडी घेतली. आजही पाणी उतरलं की पायरी पिवळी दिसते. पाहा. त्या घराण्यात हळद लागलेली पोरगी टिकत नाही.”

पायरी पिवळी दिसते ती वाळलेल्या शेवाळानं. शेवटचं वाक्य आधी नव्हतं. एकदा तुमसरचं एक वऱ्हाड बसलं होतं, गोष्ट ऐकून त्यातलं कोणी चुकचुकलंसुद्धा नाही, म्हणून मी ते जोडलं. मग बायका पदर तोंडाला लावायला लागल्या. वाक्य राहून गेलं.

रुखमिणी मात्र खरी होती. खरं नाव घेतलं की गोष्टीला वजन येतं, असा माझा अनुभव. सुंदरबाई मारबतेची ती मुलगी, वारली तेव्हा नऊ वर्षांची. त्याला चव्वेचाळीस वर्षं झाली. पुढं गाव उठलं, आम्ही सारे कारध्याकडच्या नव्या वस्तीत आलो. सुंदरबाईचा नवरा मला भावासारखा होता, म्हणून ती माझी वहिनी. माझी बायको गेल्यापासून माझा भाजी-भाताचा डबाही तिच्याच चुलीवरून येतो. ती पाण्याकडं पाठ करून बसणारी बाई. लाँचवर ती कधी चढणार नाही आणि माझी गोष्ट तिच्या कानावर कधी जाणार नाही, असा माझा अंदाज होता.

मार्चच्या एका दुपारी सुंदरबाईचा मुलगा कृष्णराव माझ्या दारात आला. बसला नाही.

“काकाजी, नीतूचं लगन मोडून राहिलं.”

नीतू त्याची मुलगी. वरठीचा भूषण तिला पाहून गेला होता, पसंती झाली होती, साखरपुड्याची तारीखही धरली होती.

“काहून? काय मागून राहिले का ते?”

“काई नाई मांगत. पोराची माय मागच्या रविवारी तुमच्या लाँचवर बसली होती. घरी येऊन मले पुसते, रुखमिणी मारबते तुमची कोण? मी म्हनलो, बहीन, पान्यात गेली. तं ते उठूनच उभी रायली. म्हने, ज्या घरात हळदीची पोरगी टिकत नाही, तिथं आमाले पोरगा द्याचा नाही.” त्यानं दाराची चौकट धरली. “काय सांगून राहिले तुमी लोकायले, काकाजी? ते नऊ वर्षांची होती.”

मी टोपी काढली, पुन्हा घातली. नीतू आत्महत्या करणाऱ्या घरची म्हणून जिल्हाभर बदनाम झाली असती, आणि आमच्या लोकांत अशी गोष्ट लाँचपेक्षा जोरात पळते.

संध्याकाळी सुंदरबाई स्वतः आली. मला वाटलं ती शिव्या देईल. तिनं दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

“भाऊ, तू भोंग्यातून बोलला ना? मंग भोंग्यातूनच वापस घे. मी त्या बाईले हात जोडून राजी केलं. रविवारी ते येते, पोराले घेऊन. मीबी येते.”

“वहिनी, तुमी लाँचवर?”

“नीतूसाठी येते. तू फक्त खरं सांग. जे झालं ते. लेकरू घाटावर भांडे घासाले गेलं अन् पाय घसरला. तूच तं पाह्यलं होतं.”

“हो,” मी म्हणालो.

रविवारी लाँच भरलेली होती. सुंदरबाई लुगड्यावर नारिंगी जाकीट चढवून दांडा दोन्ही हातांनी धरून बसली होती, डोळे मिटून. शेजारी कृष्णराव. समोरच्या बाकावर भूषण आणि त्याची आई रीताबाई, मांडीवर पर्स उभी धरून. भूषण पोरगा चांगला वाटत होता. सारखा कृष्णरावाकडं माफी मागितल्यासारखा पाहत होता.

राक्षस मी गाळला. वाम मासाही गाळणार होतो, पण रीताबाईनंच टोकलं.

“काय वो बुढेबाबा, आज तुमचा मासा हासत नाही काय?”

“आज त्याची तब्येत बरी नाही जी.”

चारपाच जण हसले. सुंदरबाईनं डोळे उघडले नाहीत.

तिसऱ्या टेकडीपाशी इश्वरनं इंजिन बंद केलं. लाटा लाँचच्या पोटावर आपटत होत्या. दोन पायऱ्या बाहेर होत्या. मी भोंगा तोंडाशी नेला.

“मंडळी, या घाटाची एक गोष्ट मी आजवर सांगत आलो. ते खोटी आहे. रुखमिणी नऊ वर्षांची होती. हळद नाही, लगन नाही. भांडी घासायला आली आणि पाय घसरला. मला माफ करा.”

“अरे, आमी तं तेच आयकाले आलो होतो!” मागून एक जण म्हणाला. हशा झाला.

रीताबाई हसली नाही. “मागच्या रविवारी सोळाची, या रविवारी नऊची. पुढच्या रविवारी पाळण्यात निजवसान तिले. कोनं पाह्यलं पाय घसरताना?”

“मी.”

“कुठून?”

“डोंग्यातून. दुरून. जाळं टाकत होतो.”

“मंग तुमाले पायरी दिसली, पाय दिसला, घसरला तेही दिसलं?”

“हो. म्हणजे आवाज आला. ओरडली ती. मी वल्हं मारत आलो, तीन वेळा बुड्या मारल्या...” मला कळत होतं, माझी जीभ रंग चढवायला लागली आहे. आवाज नव्हताच आला. एवढ्या वर्षांत तो मी पहिल्यांदाच घालत होतो, आणि तोही किती सहज.

रीताबाई मुलाला म्हणाली, “पाह्यलं, बेटा? या बुढ्याले घरच्यायनं पढवून आनलं.”

तेव्हा सुंदरबाईनं डोळे उघडले. दांडा सोडला. उभं राहता आलं नाही, तरी बसल्या जागी तिनं रीताबाईकडं हात जोडले.

“बाई, पढवलं नाही वो. माह्यामुळं गेली ते. ताप होता तिले. मीच म्हनलं, येवढे भांडे घासून आन. ते नाही म्हनत होती. मी चापट मारून धाडली. पाप माह्या हाताचं आहे, त्यात नीतूचं काई नाही. तुमी मले काईबी म्हना, पन पोरीले सोडू नोका.”

ताप होता, चापट मारली, हे मला माहीत नव्हतं. इतकी वर्षं मी तिच्या हातचा भात खात होतो आणि हे मला माहीत नव्हतं.

मी भोंगा खाली ठेवला.

“वहिनी, तुमचे भांडे घासून झाले होते,” मी म्हणालो. “सारे. तिनं पायरीवर पालथे घातले, अन् मंग माह्या डोंग्यापाशी आली. म्हने, काकाजी, त्या काठाले बोरं पिकले, मले नेता काय? मी बसवली. मधात डोह आहे तिथं तिले सांगत होतो, खाली मगर आहे, डोंग्याले पाठ घासते. तिले खरं वाटावं म्हणून मी पायानं डोंगा हलवला. ते हासली. मी अजून हलवला. मंग मगर कुठं गेली ते दाखवाले दुसरीकडं वळलो. वापस पाह्यलं तं डोंगा हलका होता.”

मी पुढं सांगितलं, कारण आता थांबणं जास्त कठीण होतं.

“बुड्या मारल्या ते खरं. नाही सापडली. मंग गावात पळत आलो अन् म्हनलो, पाय घसरला. लोकायनं माह्या पाठीवर हात फिरवला, उडी टाकली म्हणून. तुमच्या नवऱ्यानं मले पोटाशी धरलं. मंग कसं सांगू?”

कृष्णराव माझ्याकडं असा पाहत होता, की इश्वर आपली जागा सोडून आमच्या दोघांच्या मध्ये येऊन उभा राहिला.

सुंदरबाई पायऱ्यांकडं पाहत होती. मग हळूच, जणू एकटीच असल्यासारखी म्हणाली, “म्हणून पालथे होते. मी लोकायले म्हनत होती, भांडे तं पालथे आहेत, पुरे आहेत, मंग घसरली कव्हा? सारे म्हनत, आता कायले तेच धरून बसतेस.”

रीताबाईनं पर्स बाजूला ठेवली. ती उठून सुंदरबाईच्या शेजारी बसली. मग तिनं कृष्णरावालाच सांगितलं, “तारीख आहे तेच राहू द्या, भाऊ. आमी येतो.” आणि मग माझ्याकडं न पाहता, “पन या मानसाले मांडवात बलावू नोका.”

“नाही बलावत,” कृष्णराव म्हणाला.

मागच्या बाकावरच्या एका बाईनं इश्वरला दबक्या आवाजात विचारलं, “दादा, इथं मगर हाय काय खरंच?” इश्वरनं इंजिन सुरू केलं.

परतीच्या वाटेवर मी काही दाखवलं नाही. लोकांनी मोबाइलवर टेकड्यांचे फोटो काढले. ऊन पाण्यावर पडलं होतं, दोन्ही काठांवर पळस फुलला होता. देखाव्याला माझी काही गरज नव्हती.

धक्क्याला लागल्यावर सारे उतरले. रीताबाई आणि भूषण पुढं गेले, कृष्णराव त्यांच्याबरोबर रिक्षा बघायला. सुंदरबाई मागं राहिली. मला जवळ बोलावलं नाही, पण हललीही नाही, म्हणून मीच समोर जाऊन उभा राहिलो.

“हासत होती ना ते?” तिनं विचारलं.

“हो, वहिनी. लय हासत होती.”

“टिकाराम.” आजवर तिनं मला भाऊ लावल्याशिवाय हाक मारली नव्हती. “माह्याकडं पाहून सांग.”

माझ्या तोंडात त्या घडीला दहा वाक्यं तयार होती. हसता हसता गेली. तिला कळलंसुद्धा नाही. तुमचंच नाव घेतलं. यातलं कोणतंही मी इतकं चांगलं सांगितलं असतं, की ती उरलेलं आयुष्य त्यावर काढू शकली असती.

“पयल्यांदा हासली,” मी म्हणालो. “दुसऱ्यांदा तिनं काठ धरला होता. नोको काकाजी म्हने. मले वाटलं, गंमतच करून राहिली.”

तिनं मान हलवली, एकदाच. मग जाकिटाचा पट्टा सोडवायला लागली. तो अडकला होता. मी हात पुढं केला. तिनं माझा हात बाजूला सारला आणि इश्वरला हाक मारली, “बापू, हे जरा काढून दे मले.”